निकाली

"निकाली म्हंजे काय गं? कुस्ती निकाली हुती, तसं?" छबूताईंनी विचारलं.

मी कागदावरून मान वर केली नाही. आमच्या पुढच्या खोलीत त्या दुपारी अकरा बायका बसल्या होत्या, त्यांतल्या एक माझ्या सासूबाई. कॅन्टीनमधली भांडी घासून सगळ्या थेट आमच्याकडे आलेल्या. हातांना कांद्याचा वास, पदरांना फोडणीचा. मधोमध मी, मांडीवर सात महिन्यांची चैत्राली आणि हातात मुंबईच्या हायकोर्टाचा दोन पानी इंग्रजी कागद.

"तसंच काहीतरी," मी म्हटलं.

"मग कुनाची तरी पाठ लागली आसंल की. निकाली कुस्ती बरोबरीत सुटत न्हाई. एक वर, एक खाली. आपण वर का खाली, तेवढं सांग."

छबूताईंचे वडील पैलवान होते. जगातली प्रत्येक गोष्ट त्या आधी आखाड्यात नेऊन उभी करायच्या आणि मगच तिच्याबद्दल बोलायच्या. कॅन्टीनच्या सुपरवायझरला त्या 'लंगोट न बांधता उतरलेला' म्हणत आणि तो समोर असला तरी म्हणत.

"छबे, वाचू दे तिला," आत्या म्हणाल्या. सासूबाईंना मी आत्या म्हणते. "बी. ए. झालीया ती इंग्रजीत. तुझ्यावानी आखाड्यात न्हाई शिकली."

हे सांगताना त्यांचा आवाज कसा व्हायचा, ते मला आजही ऐकू येतं. लग्नात माझ्या घरच्यांनी काय दिलं आणि काय नाही, यावर आत्या कधी बोलल्या नाहीत. पण सून बी. ए. आहे, हे त्यांनी भाजीवालीलासुद्धा सांगून ठेवलं होतं.

प्रकरण तसं साधं होतं. कराडच्या बाहेर एमआयडीसीत पंपांचा एक कारखाना होता. आत्या तिथल्या कॅन्टीनमध्ये चौदा वर्षं चपात्या लाटत होत्या. पण कामगारांच्या चपात्या लाटणाऱ्या बायका स्वतः कामगार नव्हत्या. कागदावर त्या ठेकेदाराच्या. ठेकेदार तीनदा बदलला, बायका त्याच राहिल्या. गेटाशी भिंतीवर एक लोखंडी फळी होती, तिच्या खाचांत कामगारांची हजेरीची कार्डं लावलेली असत, प्रत्येकावर नाव. या बायका त्या फळीला वळसा घालून आत जायच्या आणि ठेकेदाराच्या वहीत अंगठा उठवायच्या.

आत्यांचं सगळं भांडण त्या फळीचं होतं. "पगार वाढंल तवा वाढंल," त्या म्हणत. "माझं नाव त्या फळीत लागलं पायजे. शालन बाबुराव यादव. मग दुसऱ्या दिवशी काढलं तरी चालंल."

"काढलं तर फळीतनंबी काढत्यात," छबूताई म्हणत.

"एक दिवस तर ऱ्हाईल."

युनियननं त्यांच्या वतीनं कोल्हापूरच्या औद्योगिक न्यायाधिकरणात वाद नेला होता. या बायका कंपनीच्या की ठेकेदाराच्या, हे तिथं ठरायचं होतं. ते ठरेपर्यंत त्यांना कामावरून काढू नका, असा आदेश हायकोर्टाच्या एका न्यायाधीशानं दिला. कंपनीनं त्याच्यावर वर अपील केलं. निकाल लागेपर्यंत कंपनीचीच कार्डं द्या, ही मागणी त्यात मानली नव्हती म्हणून आपल्या युनियननंही एक अपील केलं. बायकांना यातलं एवढंच माहीत होतं, की कोल्हापूरला एक लागलंय आणि मुंबईला एक लागलंय, आणि मुंबई मोठी.

मे महिन्यातल्या त्या गुरुवारी सकाळी कंपनीचा पर्सोनेल ऑफिसर कॅन्टीनमध्ये येऊन उभा राहिला. मुंबईचा निकाल लागला, म्हणाला. शनिवारी दुपारपर्यंत ज्या सही करतील त्यांना सन्मानानं निरोप देऊ, ज्या करणार नाहीत त्यांचं सोमवारी बघू. फॉर्म वाटले. त्यात लिहिलेलं, 'मी आपखुशीनं काम सोडते आहे आणि न्यायाधिकरणातला माझा दावा मागे घेते आहे.' फॉर्म मराठीत होता. निकाल इंग्रजीत होता, आणि तो त्याच दिवशी कुरिअरनं युनियनच्या सेक्रेटरींच्या घरी आला होता. सेक्रेटरी मुलीचं लग्न ठरवायला गावी, वकील सोमवारी येणार. सेक्रेटरींच्या बायकोनं पाकीट तसंच आत्यांच्या हातात दिलं.

"आमच्यात वाचनारी हाय," आत्यांनी सगळ्यांना सांगितलं होतं. म्हणून त्या अकरा जणी आमच्या सतरंजीवर.

दोन्ही अपिलं निकाली काढली आहेत, हे मला पहिल्या पानावरच कळलं होतं. ती कशामुळे काढली, तो शब्द मला येत नव्हता. पुढे एक मोठा परिच्छेद होता, तो मी डोळ्यांनी भरभर उतरत गेले आणि शेवटाशी येता येता मला शंका आली, की इथं काहीतरी चांगलं लिहिलेलं आहे. शंकाच. त्याच वेळी चैतूनं कागदाचा कोपरा धरून ओढला.

"आपलं अपील निकाली काढलंय," मी म्हटलं. "म्हणजे ते आता राहिलं नाही."

"आन् त्यांचं?"

"त्यांचंही."

"दोगंबी चीत?" छबूताई म्हणाल्या. "आशी कुस्ती मी जन्मात बघितली न्हाई, बया."

बायका हसल्या. मालनताई, ज्या कधीच काही बोलत नसत, त्यांनी बोटानं दाखवून विचारलं, "खाली आणखी काय लिवलंय? मोप लिवलंय की."

"ते कोर्टाचं नेहमीचं असतं."

"म्हंजे मुंबईचं संपलं," आत्या म्हणाल्या.

"मुंबईचं संपलं," मी म्हटलं.

हे वाक्य खरं होतं. पुढे कितीतरी वर्षं मी ते उलटंसुलटं करून पाहिलं. ते कुठूनही खरंच भरतं.

स्वयंपाकघरात, चहाच्या डब्याखाली, माझं एक पत्र होतं. गावाबाहेरच्या एका हायस्कूलनं मला इंग्रजी शिकवायला बोलावलं होतं, पंधरा जूनला हजर व्हा म्हणून. ते पत्र मी कुणाला दाखवलं नव्हतं, कारण चैतूला कुठं ठेवायचं, याचं उत्तर माझ्याकडे नव्हतं. एप्रिलमध्ये तापात तिला झटका आला होता. डोळे वर गेले, अंग लाकडासारखं. तेव्हापासून ती झोपली की मी तिच्या नाकाखाली बोट धरून बसायचे. एकदा शेजारी दोन तास ठेवलं, तर परत आले तेव्हा तिच्या तोंडात शर्टाचं बटण. शेजारीण म्हणाली, चघळतंय, चघळू दे. त्यानंतर मी तिला फक्त एकाच मांडीवर ठेवू शकत होते, आणि ती मांडी सकाळी सहाला कॅन्टीनला जायची आणि चारला यायची.

काम सोडा, असं मी आत्यांना कधी म्हटलं नाही. म्हटलं असतं तर त्या नाही म्हणाल्या असत्या, आणि तो त्यांचा हक्क होता.

बायका गेल्यावर मी ट्रंकेतून कॉलेजची डिक्शनरी काढली. पलीकडे आत्या चैतूला पायांवर घेऊन तेल लावत होत्या. तळव्यांचा चट् चट् आवाज आणि चैतूचं खिदळणं. मला कॉलेजपासूनची सवय होती. अडला शब्द की त्याच्या वर पेन्सिलीनं बारीक अक्षरात मराठी अर्थ लिहायचा आणि समासात तारीख, वार. आमच्या सरांनी लावलेली. हात आपोआप चालला. एक शब्द, दुसरा, मग तो अख्खा परिच्छेद. वीसेक मिनिटं गेली असतील. मग शंका उरली नाही.

बाहेर जाऊन दोन वाक्यं बोलायची होती. आत्या, चुकलं माझं, तसं नाहीये ते. एवढंच. मी कागदाची घडी घातली, डिक्शनरीत ठेवली, डिक्शनरी ट्रंकेत ठेवली आणि कणीक मळायला घेतली.

शुक्रवारी हे घरी आले. एसटीत ड्रायव्हर असल्यामुळे दोन दिवस मुक्कामी गाडीवर होते. आत्यांनी त्यांना सगळं सांगितलं. "वैजूनं वाचलंय ना," हे म्हणाले, "मग झालं." आणि आंघोळीला गेले. त्यांनी एकदा जरी माझ्याकडे नीट बघितलं असतं, तर कदाचित मी बोलले असते. पण हाही दोष मी दुसऱ्यावर ढकलतेच आहे.

शनिवारी सकाळी आत्या ठेवणीतलं हिरवं लुगडं नेसल्या. पायांत चपला घालून उंबऱ्याशी थांबल्या.

"वैजू, एकदा परत बघतीस का गं त्यो कागद?"

चैतू माझ्या कडेवर होती. तिनं माझं मंगळसूत्र तोंडात घातलं होतं, ते मी हळूच सोडवून घेत होते. तेवढा वेळ मला मिळाला. पुरेसा होता.

"बघितला, आत्या," मी म्हटलं. "दोनदा बघितला. तेच आहे."

"आसंल," त्या म्हणाल्या. "चौदा वर्सं झाली, म्हणून जीव वडतोय दुसरं काय."

तेवढ्यात छबूताई दाराशी आल्या. त्या रोजच्याच साडीत होत्या.

"शालन, मी काय सही करत न्हाई."

"का गं? सोमवारी हाकलून काढत्याल."

"काढू द्यात. माजी पाठ मातीला लागलेली मला दिसली न्हाई. ज्याला कुणी चीत केलं न्हाई, त्यानं आपल्या पायानं आखाड्याबाहेर कशाला जायाचं?"

"आगं, माझ्या सुनंनं वाचलंय. इंग्रजीत हाय ते."

"वाचलंय की. मी कुठं न्हाई म्हंते?" छबूताईंनी माझ्याकडे बघितलं. रागानं नाही, संशयानंही नाही. जत्रेत कुस्ती सुटल्यावर माणूस पंचाकडे बघतो, तसं.

आत्यांनी पहिली सही केली. सही म्हणजे अंगठा. त्यांनी केला म्हणून मालनताईंनी केला, मालनताईंनी केला म्हणून आणखी सहा जणींनी. छबूताई आणि दोघी मागे राहिल्या.

सोमवारी वकील स्वतःची प्रत घेऊन आले. त्या तिघींना कुणी हात लावला नाही, लावता येत नव्हता. संध्याकाळी छबूताईंनी येऊन आत्यांना सांगितलं, की वकील कपाळाला हात लावून बसलेत, कोल्हापूरचं चालूच आहे, कागदात तसं लिहिलंय म्हणतात. सही केलेल्यांचं मात्र आता काही होत नाही.

मी आतल्या खोलीत उभी होते. आता आत्या मला हाक मारतील, असं वाटलं. एका परीनं मी त्या हाकेची वाटच बघत होते.

"कायद्याचं इंग्रजी हाय ते," आत्या बाहेर म्हणाल्या. "वकिलालाबी दोनदा वाचायला लागलं आसंल. पोरीनं मांडीवर ल्येकरू घिऊन जेवढं जमलं तेवढं वाचलं. तिला कुणी एक शब्द बोलायचा न्हाई."

आणि कुणी बोललं नाही.

पंधरा जूनला मी शाळेत हजर झाले. आत्यांच्या मांडीवर चैतू वाढली. तिला पुन्हा कधी झटका आला नाही. आत्या पहाटे पाचला उठायच्या, तयार व्हायच्या आणि मग जायचं नाही हे आठवून ओट्यावर बसायच्या. तीनेक वर्षं असं चाललं. मालनताई पुढे माझ्याच शाळेत खिचडी शिजवायला लागल्या. व्हरांड्यात दिसल्या की मला 'बाई' म्हणायच्या आणि पोरांच्या आधी माझ्यासाठी वाटीभर बाजूला काढून ठेवायच्या. ती वाटी मी रोज खाल्ली. नको म्हणायला कारण द्यावं लागलं असतं.

चैतू पहिलीत गेली, तेव्हा तिनं आजीला शिकवायला घेतलं. खेळ म्हणूनच. पाटीवर क, म, ल. आत्या हसत हसत गिरवायच्या. मग हसणं कमी झालं आणि गिरवणं वाढलं. दुकानांच्या पाट्या, पिशव्यांवरची नावं, एसटीचे बोर्ड. "क-रा-ड," त्या बसमध्ये मोठ्यानं म्हणायच्या. एकदा मला म्हणाल्या, "ह्ये आधी आलं आसतं तर?" मी भांडी विसळत होते. नळ मोठा सोडला.

त्या वाचायला लागल्या, याचा मला आनंद झाला का? झाला. आणि ट्रंक मी माळ्यावर टाकली.

आठ वर्षांनी कोल्हापूरचा निकाल लागला. छबूताई रविवारी सकाळी पेढे घेऊन आल्या. गळ्यात निळ्या फितीचं ओळखपत्र. निकालाचा कागद आणि गेटावरचं आपलं नवं कार्ड, दोन्ही पिशवीत घालून आणलेलं.

"कार्ड बाहेर न्यायचं न्हाई म्हंत्यात," त्या म्हणाल्या. "म्हटलं, एक दिवस नेनार. शालनला दाखवायचं हाय."

आत्यांनी चष्मा लावला. कार्ड हातात घेऊन एकेक अक्षर वाचलं. "छ-बू-बा-ई म-हा-दे-व थो-रा-त." मग ते उलटं करून मागची कोरी बाजूही बघितली आणि परत दिलं. "झ्याक," त्या म्हणाल्या. त्यांच्या आवाजात हेवा नव्हता. असता तर बरं झालं असतं.

निकालाच्या कागदावर छबूताईंनी बोट ठेवलं. "हितं काय तरी इंग्रजीत लिवलंय, चैतू, बघ गं. तुझी आई हाय, पर तिला आता मोठं काम. तूच सांग."

"मला नाही येत हा शब्द," चैतू म्हणाली. "थांबा, डिक्शनरी आणते." आणि मी काही बोलायच्या आत स्टुलावर चढून तिनं माळ्यावरची ट्रंक उघडलीसुद्धा. चौथीत जाणारी, उंच झालेली पोरगी.

डिक्शनरी घेऊन ती पळत आली आणि मधूनच घडी घातलेला कागद खाली पडला. आत्यांच्या पायाशी.

"आजी, यात मराठीपण लिहिलंय बघ. वर वर, बारीक. आईचं अक्षर आहे."

आत्यांनी कागद उचलला. मी हात पुढे केला होता, तो त्यांनी बघितला की नाही, मला माहीत नाही. चष्मा सारखा करून त्यांनी पहिल्या पेन्सिलीच्या शब्दाखाली बोट ठेवलं.

"नि-ष्फ-ळ," त्यांनी वाचलं. जोडाक्षराशी जरा थांबल्या. बोट पुढे सरकलं. "मू-ळ वा-द चा-लू अ-स-ल्या-मु-ळे."

"शाब्बास," चैतू म्हणाली.

"वा-द सं-पे-प-र्यं-त का-मा-व-रू-न का-ढ-ता ये-णा-र ना-ही."

छबूताईंनी पेढ्यांचा पुडा खाली ठेवला. मी दाराच्या चौकटीला धरून उभी होते. आत्यांचं बोट समासात गेलं.

"चौ-दा मे. गु-रु-वा-र."

बाहेर कुणीतरी सायकलची घंटी वाजवत गेलं.

"सह्या शनवारी झाल्या," आत्या म्हणाल्या. त्या मला विचारत नव्हत्या. छबूताईंना सांगत नव्हत्या. बोटांवर मोजत होत्या. गुरुवार, शुक्रवार, शनिवार.

"शालन," छबूताई म्हणाल्या, "पेढा खा."

आत्यांनी पेढा घेतला. अर्धा मोडून चैतूला दिला, अर्धा स्वतः खाल्ला. कागदाची घडी घातली, होती तशीच, आणि डिक्शनरीत ठेवली. छबूताई जाताना माझ्याकडे बघून गेल्या नाहीत. त्यांना बघायची गरज उरली नव्हती.

त्या दिवशी मी वाट बघितली, दुसऱ्या दिवशीही. आत्या एक शब्द बोलल्या नाहीत. यांच्याजवळ नाही, चैतूजवळ नाही, आणि माझ्या माहितीत मालनताईंजवळही नाही, कारण मालनताई अजून माझी वाटी बाजूला काढतात. घरात भांडण झालं नाही, आवाज चढला नाही. फक्त एक गोष्ट बदलली. घरात आलेला कागद, मग ती शाळेची नोटीस असो, लग्नाची पत्रिका असो, औषधाच्या बाटलीबरोबरची चिठ्ठी असो, आधी त्यांच्या हातात जातो. त्या ओट्यावर बसून तो वाचतात. इंग्रजी असेल तर चैतूला हाक मारतात. मला नाही.

गेल्या आठवड्यात शाळेची नोटीस आली. पालक सभेची, दहा ओळींची. आत्या ती मोठ्यानं वाचत होत्या. घरात आम्ही दोघीच होतो, आणि मला वाटलं, आता.

"आत्या," मी म्हटलं, "त्या वेळी मी..."

त्यांनी मान वर केली नाही. बोट ओळीवर तसंच होतं.

"थांब," त्या म्हणाल्या. "खाली आणखी लिवलंय."